कोर्टाला वानवळा

…तर कुलूप घेऊन आलेल्या माणसांपुढे सत्यवतीनं दारातच पाट मांडले, इथवर काल आलो होतो. "आधी जेवा, मंग काय लावायचं ते लावा," म्हणाली. आता पोटभर जेवून त्याच दाराला कुलूप घालायला हात कुणाचा उचलेल? कोर्टानं नेमलेल्या रिसिव्हरसाहेबांनी सुरमईचा तुकडा संपवला, थाळीचे पैसे पाटाशेजारी ठेवले आणि म्हणाले, "बाई, राहा तुम्ही. पण आता कोर्टाच्या वतीनं राहायचं, आणि दरमहा कोर्टात रक्कम भरायची. किती, ते जज्जसाहेब ठरवतील."

काशीदला रस्त्याला लागून नारळाची वाडी आहे. तिच्या तोंडाशी कौलारू घर, आणि त्या घरात सत्यवतीची खानावळ. वाडी मुंबईच्या शेठांची. जुने शेठ वारले तसे त्यांचा मुलगा दिनानाथशेठ आणि नातू प्रज्योत, म्हणजे काका-पुतण्या, वाडीवरून भांडत कोर्टात गेले. कोर्टानं सांगितलं, निकाल लागेपर्यंत वाडी दोघांचीही नाही, रिसिव्हर सांभाळेल. सत्यवतीचं घराणं सासूच्या काळापासून तिथं भाडं भरून होतं, पण जुने शेठ पावती कधी देत नसत. शब्द देत.

"भाडंच ना ह्ये?" तिनं आपल्या जागृती वकीलबाईंना विचारलं.

"भाडं म्हणायचं नाही, काकी. राहण्यापोटीची रक्कम. भाडं म्हटलं की तुम्ही भाडेकरू ठरता, ते शेठना नकोय."

"नाव बदललं म्हून पैसे कमी व्हतात का?"

"नाही."

"मंग नाव त्यांचं त्यांना ऱ्हाऊ द्या. मला घर पायजे."

काका-पुतण्यांचं कशावर म्हणून पटत नव्हतं, पण इथं मात्र दोघे एकदिलानं बोलले: शेजारच्या रिसॉर्टला जो दर, तोच हिला लावा! तो दर लागता तर चुलीतली राख निवायच्या आत खानावळ बंद पडती आणि सत्यवती रस्त्यावर येती.

आता खरी गंमत ऐका. नारळांचा पहिला उतार मालकाघरी वानवळा म्हणून पोचवायचा, ही सासूनं घालून दिलेली शिस्त. यंदा नारळ उतरले आणि सत्यवती विचारात पडली. मालक कोण? ते ठरायचंय. तोवर सांभाळतं कोण? रिसिव्हर. झालं! नारळांची गोणी आणि वालाच्या शेंगांची पिशवी एसटीत घालून बाई अलिबागला थेट साहेबांच्या टेबलाशी. "मालकाचा वानवळा," एवढंच म्हणाली, तांब्याभर पाणी प्याली आणि साहेब हो-नाही म्हणायच्या आत परत निघाली.

दिनानाथशेठच्या माणसानं नेमका फोटो काढला. पुढच्या तारखेला त्यांचे वकील हात उडवत उठले. "लाच, साहेब! दर कमी लागावा म्हणून बाईनं रिसिव्हरना लाच दिली. हिला बाहेर काढा!"

जागृतीबाईंचा चेहरा पडला. सत्यवतीनं पदर खोचला आणि होती तिथंच घट्ट उभी राहिली.

जज्जांनी रिसिव्हरसाहेबांकडे पाहिलं. ते शांतपणे म्हणाले, "नारळ कोर्टाच्या ताब्यातल्या वाडीचे. मी ते बाजारात विकले आणि पैसे कोर्टात भरले. शेंगा बाईंच्या स्वतःच्या परसातल्या, त्या परत पाठवल्या."

"व्हय, आल्या परत," सत्यवती मधेच म्हणाली. "मडक्यात भाजून पोपटी लावली त्यांची. झ्याक झाली."

सगळं कोर्ट हसलं. जज्जही हसले, मग काका-पुतण्यांकडे वळून म्हणाले, "वाडीतला एखादा नारळ तुमच्यापैकी कुणी आजवर इथं आणून दिलाय?" दोघांनीही आपापल्या वकिलाकडे पाहिलं. वकिलांनी छताकडे.

रिसॉर्टचा दर खानावळीला लागणार नाही, असं जज्जांनी सांगितलं. जुन्या भाड्यावर थोडं चढवून रक्कम ठरवली. भाडेकरू असण्याचा तिचा दावाही खुला ठेवला. पण आवाज कडक करून म्हणाले, "सत्यवतीबाई, एक महिना जरी चुकला तरी दाराला कुलूप लागेल. झेपेल?"

सत्यवती म्हणाली, "झेपंल, साहेब. पैसे म्हयन्याच्या म्हयन्याला येतील. नारळ उतरले का वानवळाबी येईल, तो खा न्हायतर इका. पन तुमच्या मानसांना सांगून ठेवा, माझ्या दारी येताना भूक घेऊन या, कुलूप घरी ठेवा."