पंधरा मिनिटं पुढचं घड्याळ

शांतवन साळवे गेल्या महिन्यातल्या दुसऱ्या मंगळवारी सकाळी सात वाजून दहा मिनिटांनी नगरमधल्या राहत्या घरी वारला. वय एकाहत्तर. कारण हृदयविकार. मला बातमी साडेसातला कळली. फोन त्याच्या पत्नीचा, मार्थावहिनींचा होता. "भावजी, हे गेले," त्या म्हणाल्या. मग, "सात दहा झाले होते. मी आधी घड्याळ बघितलं..." मी टेबलावरच्या कागदावर ७.१० असं लिहिलं. त्यानंतर काय झालं ते विचारलं.

हा क्रम शांतवनने आम्हा दोघांना लावलेला. आधी वेळ लिहायची, मग बातमी. त्याचे वडील जामखेडला मिशनच्या शाळेत शिक्षक होते. रेडिओवर बातम्यांआधी टिक्-टिक् वाजली की ते मनगटावरचं घड्याळ जुळवत आणि मुलालाही जुळवायला लावत. नगरच्या बोर्डिंगमध्ये आम्ही एका खोलीत राहिलो तेव्हा त्याच्याकडे एकच चांगली वस्तू होती, वडिलांनी दिलेलं घड्याळ. रोज सकाळी ते रेडिओशी जुळवल्याशिवाय तो दात घासायला जात नसे. मी चेष्टा करायचो, "शांत्या, अर्धं मिनिट इकडेतिकडे झालं तर काय सूर्य उगवायचा राहील?" तो म्हणायचा, "सूर्याचं माहीत नाही. तू मात्र पहिल्या तासाला उशिरा पोचशील." आणि मी पोचायचो.

पदवीनंतर मी वर्तमानपत्रात लागलो. तो दिल्लीला सरकारी नोकरीत गेला. कसली नोकरी, ते त्याच्या पत्रांत कधीच नसायचं. पत्राच्या वर कोपऱ्यात तारखेशेजारी तास आणि मिनिटं मात्र असायची. तो गुप्तवार्ता खात्यात होता हे मला तो निवृत्त झाल्यावर कळलं, तेही त्याने सांगितलं तेवढंच. सुरुवातीला परक्या वायरलेसवरचे संदेश ऐकून टिपणं हे काम. पुढे संदेश वायरलेसवरून कॉम्प्युटरवर गेले, तसा तोही त्यांच्या मागे गेला. कुठे होता, कुणाचे संदेश होते, किती वर्षं हे चाललं, हे मी बातमीदाराच्या सगळ्या युक्त्या वापरून विचारलं. प्रत्येक वेळी उत्तर एकच. "पेपरवाल्या, झालं तुझं? चहा निवतोय."

निवृत्तीनंतर पुण्यातल्या मोठ्या कंपन्या त्याला बोलवत होत्या. तो नगरला परतला. एका खोलीचं ऑफिस, दोन कॉम्प्युटर, एक टेबलफॅन. चोरीला गेलेले पासवर्ड, कुलूप लागलेल्या फायली, फसवे फोन, हे त्याचं काम झालं. गावोगावी जाऊन तो लोकांशी बोलायचा. मिरजगावच्या एका सभेत पुढे बसलेल्या आजींनी विचारलं, "बँकेतून फोन आला आन् नंबर मागितला, तर काय करू?" "ठेवून द्यायचा." "आन् जावयाचा आला तर?" "नंबर मागितला तर जावयाचाही ठेवायचा." आजी म्हणाल्या, "ते बरं झालं. त्याचा मी तसाबी ठेवतेच." सभा हसून हसून लोळली. शांतवनने हसता हसता खिशातल्या वहीत वेळ टिपली.

त्याच्या कामातला एक दिवस मी स्वतः पाहिला. त्याच्या डाव्या डोळ्याचं मोतीबिंदूचं ऑपरेशन झालं होतं, काळा चष्मा होता, म्हणून नागापूर एमआयडीसीतल्या एका कारखान्यात मी त्याला स्कूटरवरून सोडायला गेलो आणि थांबलो. कारखाना पंपांचे सुटे भाग बनवणारा. नव्या भागाचं ड्रॉइंग तिथल्या कॉम्प्युटरवरून कुणीतरी कॉपी करून बाहेर नेलं होतं. त्या कॉम्प्युटरला मुद्दाम इंटरनेट दिलेलं नव्हतं. म्हणजे चोर आत येऊन गेलेला. कॉम्प्युटरच्या नोंदीत कॉपी झाल्याची वेळ होती दुपारचे तीन दहा आणि नाव होतं सरिता काळे.

सरिता मिरजगावची, शेतकऱ्याची मुलगी, त्या कारखान्यात मशीनवर उभी राहिलेली पहिली बाई. तिची पाळी तीनला सुरू व्हायची. मालकांनी पोलिसांत द्यायचा अर्ज तिच्या नावानिशी टाईप करून ठेवला होता. दोन वाजता ते निघणार होते. "नोकरी तर जाईलच," ते आमच्यासमोर म्हणाले, "आणि पुन्हा मशीनवर बाई घेणार नाही." तिला चौकशीसाठी सकाळीच बोलावून घेतलं होतं. ती ऑफिसबाहेरच्या बाकावर डबा मांडीवर घेऊन बसली होती. डबा उघडलेला नव्हता.

शांतवनने अकरा वीसला कामाच्या हॉलमध्ये पाऊल टाकलं. वेळ वहीत आहे. अकरा एकेचाळीसला त्याने नोंदींची प्रत आपल्या ड्राइव्हवर घेतली, मग त्या कागदावर छापल्या. साडेबाराला तो मालकांना म्हणाला, "नोंद स्पष्ट आहे. तिचंच नाव, तिच्याच पाळीची वेळ." सरिता दारात उभी होती. ती म्हणाली, "सर, माझी बस उशिरा आली होती. तीन वाजून दोन मिनिटांनी मी गेटवर हजेरीचा अंगठा दिला. आत जाऊन हातमोजे घालेपर्यंतच सव्वातीन होतात. मी कधी कॉपी करणार?" मालक म्हणाले, "आठ मिनिटं पुरतात."

आम्ही गेटबाहेरच्या टपरीवर आलो. एक वाजून दहा मिनिटं. त्याने चहा सांगितला, वही उघडली आणि सवयीने छापील कागदाशी ताडून पाहू लागला. सर्वांत खालची ओळ त्याच्या स्वतःच्या कामाची होती, त्याने सकाळी प्रत घेतली ती. वहीत अकरा एकेचाळीस होतं. कागदावर अकरा छप्पन्न.

तो उभा राहिला. चहाचा ग्लास तसाच बाकावर. "घड्याळ बघ," तो मला म्हणाला. "माझं?" "तुझं, माझं, कुणाचंही!" मी त्याला इतक्या मोठ्याने बोलताना बोर्डिंगनंतर प्रथमच ऐकलं. माझं आणि त्याचं घड्याळ सारखं होतं. तो गेटकडे धावत सुटला, डोळ्यांवर काळा चष्मा, हातात कागद. टपरीवाला मागून ओरडला, "काका, चहा!" मी ग्लास ठेवून त्याच्यामागे पळालो. वॉचमनने रजिस्टर पुढे केलं. शांतवनने धापा टाकत सही केली, वेळ लिहिली आणि गेटवरच्या अंगठ्याच्या मशीनकडे पाहिलं. ते मशीन इंटरनेटवर होतं. त्यातली वेळ आमच्या घड्याळांशी जुळत होती.

हॉलच्या भिंतीवर मोठं घड्याळ होतं. सकाळी त्या चष्म्यातून त्याला ते दिसलं नव्हतं आणि माझं लक्ष गेलं नव्हतं. ते पंधरा मिनिटं पुढे होतं. सुपरवायझर शिंदेमामा तिथेच होते.

"मामा, हे पुढे का?"

"मुद्दाम हाय, सायेब. त्यात तीन वाजले की हात धुवायचे, कपडे बदलायचे. खरे तीन वाजले की गेटवर अंगठा. न्हाईतर पोरांची लगेच सुटणारी बस चुकती."

"आणि कॉम्प्युटरचं घड्याळ?"

"ते मीच लावतो की भिंतीबरोबर! दोन घड्याळं दोन टायम दाखवाया लागली तर भांडणं व्हत्यात."

"म्हणजे कॉपी तीनच्या आधीची. मग सकाळच्या पाळीत त्यावर सरिताचं नाव कसं?"

"तिनं आदल्या दिवशी आपला पासवर्ड टाकून उघडलं, ते उघडंच. पुढच्याला पुन्हा कशाला उघडाया लावायचं? आमी सगळेच तसं करतो. माणुसकी हाय, सायेब."

"हे मला सकाळी का नाही सांगितलंत?"

"तुमी इचारलं न्हाई."

शांतवन खुर्चीत बसला आणि त्याने कागदावर वजाबाकी केली. तीन दहामधून पंधरा मिनिटं. दोन पंचावन्न. सरिताचा अंगठा तीन दोनचा. ड्रॉइंग कॉपी झालं तेव्हा ती गेटच्या बाहेर होती आणि सकाळची पाळी नळावर हात धूत होती. हॉल रिकामा असण्याची दिवसातली तेवढीच वेळ. त्या दिवशी मशीन दुरुस्तीला बाहेरचा एक माणूस आला होता. गेटच्या रजिस्टरमध्ये तो दोन एकोणसाठला बाहेर पडल्याची नोंद मिळाली.

मालक गाडीची किल्ली हातात घेऊन निघाले होते. एक बावन्न. शांतवन त्यांच्या आडवा उभा राहिला. "साडेबाराला मी तुम्हाला चुकीचं सांगितलं," तो म्हणाला. "चूक माझी. घड्याळ न तपासता मी वेळेवर विश्वास ठेवला. हे मी लिहून देतो." मालक म्हणाले, "सर, लिहून कशाला, तोंडी पुरे." "तिचं नाव तुम्ही टाईप केलंय," शांतवन म्हणाला. "मग तोंडी पुरत नाही." त्याने तिथेच उभ्याने लिहिलं आणि सही केली. मालकांनी जुना अर्ज फाडला. सरिताने डबा उघडला, आम्हा दोघांपुढे धरला आणि म्हणाली, "सर, आता खा. सकाळपासून तुम्हीबी उपाशीच आहात." भाकरी आणि मिरचीचा ठेचा होता. शांतवनने तो डोळ्यांतून पाणी येईपर्यंत खाल्ला आणि ऑपरेशनच्या डोळ्याला हे चालतं का, असं मला विचारलं. मला माहीत नव्हतं.

पोलिसांना त्या दुरुस्तीवाल्याच्या लॅपटॉपमध्ये ड्रॉइंग मिळालं. खटला चालू आहे, म्हणून त्याचं नाव इथे देत नाही. सरिता अजून त्याच कारखान्यात आहे. नंतर तिथे आणखी दोन बाया मशीनवर लागल्या. शांतवनच्या दफनाला ती आली होती. पाळीला जायचं होतं म्हणून माती देऊन लगेच निघाली.

मार्थावहिनींनी मला त्याची शेवटची वही दिली. त्या मंगळवारची एकच नोंद आहे: ६.००, घड्याळ जुळवलं.

गेल्या सोमवारी मी नागापूरला गेलो. शिंदेमामांनी हॉलमध्ये नेलं. बस आता तीन वीसला सुटते आणि प्रत्येक पाळी जाताना कॉम्प्युटरवरचं आपलं नाव बंद करून जाते, असं त्यांनी सांगितलं. मी पोचलो तेव्हा भिंतीवरच्या घड्याळात अकरा वाजून चार मिनिटं झाली होती. माझ्या घड्याळातही अकरा वाजून चार.