पिठाच्या डब्यातले मोबाइल

आमच्या दुबईतल्या हौशी नाटक मंडळात नायकाचं काम करणाऱ्याने फेसबुकवर भारतातल्या एका मंत्र्याची टर उडवली. दोनच दिवसांत ‘हा असला तर तुम्हाला हॉल मिळणार नाही’ असं कुणीतरी म्हणाल्याची कुजबुज सुरू झाली. कोण म्हणालं? विचारायची हिंमत होती कुणात! त्याला न सांगताच त्याची भूमिका दुसऱ्याला देऊन टाकली.

पण त्याची पोस्ट वरपर्यंत पोचवली कुणी? मला प्रत्येकाचा चेहरा चुगलखोर वाटायला लागला. दर शनिवारी तालीम अल मनखूलला माझ्याच घरी व्हायची. त्यानंतरच्या पहिल्याच तालमीला मी फर्मान काढलं, आधी सगळ्यांचे मोबाइल पिठाच्या रिकाम्या डब्यात, मग संवाद. लोकांनी निमूट मोबाइल टाकले आणि एकमेकांकडे चोरून बघितलं.

तालीम संपल्यावर डबा उघडला. सगळ्यांना त्या काढलेल्या नायकाचा एकच मेसेज आला होता: ‘शारजातून निघालोय. ट्रॅफिक फार आहे, माझा प्रवेश शेवटी घ्या.’

आधी उत्तर कोण देतंय, हे बघत आम्ही सगळे नुसते उभे. तेवढ्यात बेल वाजली.

घर माझं, दार माझं. आणि ओठांवर बोट ठेवून सगळ्यांना गप्प केलं, तेही मीच.