उकंड्यावरचं नाव

माझं नाव उकंडा. उकंडा म्हणजे घरामागं शेण-कचरा टाकायची जागा, पुण्याकडचे लोक तिला उकिरडा म्हणतात. माझ्याआधीची दोन भावंडं पाळण्यातच गेली. म्हणून मी जन्मले तशी आत्यानं मला सुपात घालून उकंड्यावर ठेवलं, चार पावलं पुढं गेली, अन् मागं फिरून सापडलेली पोर म्हणून उचलून आणलं. असल्या नावाच्या लेकराकडं मरण फिरकत नाही म्हणे. लाडानं सगळे मला उकी म्हणत.

साठ वर्षांत मला ह्या नावाची लाज वाटली नाही, ती वाटली माझ्या शिकलेल्या लेकाला. त्याच्या लग्नाच्या पत्रिकेत वराची आई म्हणून त्यानं छापलं, उत्कर्षाबाई. मी अर्थ विचारला तर साहेबांनी मोबाईल काढला. वा रे वा! आईचं बारसं करायला निघाला अन् नावाचा अर्थ मोबाईलला विचारतो. म्हणे नवरीकडचे यवतमाळचे मोठे नोकरीवाले लोक, हसतील. मी वाद घातला नाही. लग्नघरात भांडण काढू नये, एवढी अक्कल उकंड्यावरच्यांनाही असते.

पत्रिका गावोगाव गेल्या. चार दिवसांनी उमरखेडहून एसटीनं आत्या आली, वय झालेली, डोळ्यांनी अधू. ओसरीवर बसली ती पाणीही घेईना. पत्रिका तिला नातवानं वाचून दाखवली होती. वराच्या आईचं नाव भलतंच, म्हणजे तिच्या लेखी मी मेले अन् माझ्या नवऱ्यानं दुसरी केली. माझ्या लेकाचा हात धरून ती म्हणाली, "माही उकी कधी गेली, बापू? मले काहून नाही सांगतलं?"

लेकाचं तोंड एवढंसं झालं. मी आतून पाण्याचा तांब्या घेऊन आले, तर तिनं माझा चेहरा चाचपला अन् ढसाढसा रडली. असा संताप आला मला! जिनं मला मरणापासून लपवलं, तिलाच ह्या दीडशहाण्यानं माझ्या सुतकात बसवलं.

लग्नात माईकवाल्यानं पुकारलं, वराच्या मातोश्री उत्कर्षाबाईंनी मंचावर यावं. मी खुर्चीवरून हलले नाही. दुसऱ्यांदा पुकारलं. माझा नवरा डोळे वटारून पाहत होता. ज्या बाईला बोलावून राह्यले तिला येऊ द्या, म्हटलं. सारा मांडव खोळंबला. शेवटी लेकानं स्वतःच माईक घेतला, घसा खाकरला.

"उकंडाबाई," तो म्हणाला. "माही माय. ये नं वं."

मागं कोणीतरी फिसकन हसलं. मी आत्याचा हात धरून मंचावर चढले. नवरीच्या आईनं नाकाला पदर लावला. लावू दे. माझ्या जन्माच्या वेळी मरणानंही तेच केलं होतं, म्हणून तर आज ह्या पोराला माय आहे.