पाचव्या मजल्याचा दावा

त्र्यंबक पोंक्षे दावा जिंकले, आणि तेव्हापासून इमारतीत त्यांच्याशी कुणी धड बोलेना.

पोंक्षे ठाण्यातल्या एका कॉलेजात ग्रंथपाल होते. निवृत्त झाले आणि पाठोपाठ पत्नी हेमाताई गेल्या. मुलगा स्वानंद ठाण्यातच, वर्तकनगरला. रविवारी फोन करायचा, तोही गाडी चालवताना. डोंबिवलीतल्या त्या चौथ्या मजल्यावर पोंक्ष्यांना सोबत होती ती वरच्या घराची. वर तानाजी गव्हाणे राहायचा, बसवर ड्रायव्हर. सकाळी त्याची बायको रतन भाकऱ्या थापायची त्याची थपथप खाली ऐकू यायची, संध्याकाळी त्यांची पायल दोरीवरच्या उड्या मारायची. दुसऱ्या कुणी तक्रार केली असती. पोंक्षे टीव्ही बंद करून ऐकत बसत. अधूनमधून रतन झाकलेली वाटी घेऊन दारात उभी राहायची. "काका, आमटी तिखट झालीय, जपून हं."

पण पाचवा मजला मंजूर नकाशात नव्हताच. बिल्डरने चार मजल्यांची परवानगी घेऊन वर आणखी एक चढवला होता आणि तिथली घरं विकून मोकळा झाला होता. पोंक्ष्यांच्या स्वयंपाकघरातल्या बीमला तडा गेला, तेव्हा पाहायला आलेला इंजिनीअर म्हणाला, "एवढा भार ही इमारत फार काळ पेलणार नाही." सोसायटीच्या सभेत सगळ्यांनी हात वर केले. कल्याणच्या कोर्टात दावा लावायची वेळ आली तेव्हा मात्र सह्या करणारे मोजकेच उरले. पुढे बिल्डरने लिफ्ट बसवून देतो म्हणून सांगितलं आणि त्यांनीही नावं काढून घेतली. पोंक्षे एकटे राहिले.

दावा लावण्याआधी ते वर जाऊन आले होते.

"तानाजी, तू बिल्डरविरुद्ध उभा राहा. मी येतो तुझ्याबरोबर."

"काका, मी पालिकेत गेलेलो ना. साहेब बोलले, नकाशा सुधारून मंजूर होईल. तुम्ही जरा थांबा."

पोंक्षे थांबले. पण तडा काही थांबला नाही. रात्री वर पाऊल वाजलं की ते उठून स्वयंपाकघरात जायचे आणि दिवा लावून बीमचा तडा बघायचे. त्या पावलांचीच त्यांना काळजी होती, पण हे सांगणार कुणाला?

सुधारित नकाशा नामंजूर झाला. कोर्टाने पाचवा मजला रिकामा करून सील करण्याचा हुकूम दिला.

त्या दिवशी पोलिस आले, पालिकेची माणसं आली. वरून गाद्या, पिंप, शिलाई मशीन असं सगळं जिन्याने उतरू लागलं. पोंक्षे दार उघडून उभे राहिले.

"रतन, अगं, सामान माझ्याकडे ठेव. हॉल रिकामाच आहे."

रतन डोक्यावरचं गाठोडं सावरत थांबली. "नको काका. ठेवलं तर न्यायला परत यावं लागेल."

तिच्या आवाजात राग नव्हता. असता तर बरं झालं असतं.

वर कुलपाला लाखेचं सील लागलं आणि खालचं घर एकदम मुकं झालं. बिल्डरने लिफ्टचं नाव सोडलं, त्याचंही खापर पोंक्ष्यांवर फुटलं. ते खाली उतरले की बाकावरची मंडळी घड्याळं बघत उठायची. शेजारच्या बारशाचं आमंत्रण सगळ्या मजल्यांवर फिरलं आणि त्यांच्या दारावरून पुढे गेलं.

शेवटी पत्ता काढून ते विठ्ठलवाडीला गेले. एका चाळीत गव्हाण्यांनी खोली घेतली होती. रतनने पाणी दिलं, चहा टाकला. पूर्वी ती बोलता बोलता खाली बसायची. आज चहा होईपर्यंत ओट्याला टेकून उभीच राहिली.

"ग्राहक मंचात तक्रार करा. वकील मी बघतो, तारखांना मी जाईन," पोंक्षे म्हणाले.

"ह्यांना सांगते."

तानाजीने तक्रार केली. मग ठाण्याच्या प्रत्येक तारखेला पोंक्षे हजर. तानाजी ड्यूटीतून सवड काढून यायचा, शेजारी बसायचा, कामापुरतं बोलायचा आणि पुकारा होऊन पुढची तारीख पडली की रिक्षा पकडून निघून जायचा. पोंक्षे मग स्वानंदला फोन लावायचे, "इथवर आलोच आहे तर..." स्वानंद म्हणायचा, "बाबा, आज नको ना, मीटिंग आहे." ते बस धरून परत यायचे.

निकाल तानाजीच्या बाजूने लागला. त्या दिवशी पोंक्षे तापाने घरीच होते. दुपारी फोन आला.

"काका, जिंकलो आपण! बिल्डरला दुसरं घर द्यायला लावलंय. मंजूर नकाशातलं."

'आपण' ऐकून पोंक्षे उठून बसले. "फार छान झालं रे! कुठे मिळतंय?"

"टिटवाळ्याला."

"मग एकदा या सगळे इकडे. पायलला बघून किती दिवस झाले."

"येऊ की," तानाजी म्हणाला. मागून त्याला कुणीतरी हाक मारली. "चला, ठेवतो काका."

अंगात ताप आहे हे सांगायचं राहून गेलं. पोंक्षे उठले, स्वयंपाकघरात गेले आणि एका माणसापुरती पेज शिजत ठेवली.