वांग्याचा वाफा आणि जाऊबाईंचं रडणं

आमच्या मोठ्या जाऊबाई, वसुंधरा, दीड सिनेमाच्या नटी आहेत. हसू नका! दुसऱ्या सिनेमात एव्हरशाईन नावाच्या नव्या वसाहतीतल्या फ्लॅटमध्ये नुसतं खिडकीत बसून उदास व्हायचं होतं. रिकाम्या हातांनी बसवेना, म्हणून बाई अर्ध्यातच उठून होळीला आपल्या वाडीत परत आल्या.

पहिला सिनेमा मात्र अख्खा. जितेश नावाचा दाढीवाला दिग्दर्शक आमची वाडी बघायला आला आणि जाऊबाईंना बघून भुलला. मी बाजूलाच उभी होते, मला विचारलंसुद्धा नाही. जाऊ दे.

सासूबाई, धोंडूबाई, फणकारल्या, "रडन्याचं काम? ते काय, कोनीपन करील." लग्न होऊन आल्यापासून जाऊबाईंच्या कशालाच त्यांनी बरं म्हटलेलं नाही. तेवढं एकदा ऐकायचं, म्हणून तर जाऊबाई कॅमेऱ्यापुढे बसल्या.

प्रसंग असा: ओटीवर नवऱ्याचं प्रेत, शेजारी जाऊबाई, मागे वाडीत पाण्याचा पाट. छान दिसतं म्हणून जितेशने पंप चालूच ठेवला होता. वांग्याचा वाफा तुडुंब भरला, पाणी बांधावरून जायला लागलं. जाऊबाईंनी पदर खोचला, फावडं घेतलं, पाणी पुढच्या वाफ्यात वळवलं, पाय धुतले आणि परत येऊन रडायला बसल्या. जितेशने कपाळावर हात मारला, पण शेवटी तेच सिनेमात ठेवलं. त्याला म्हणे कुठेतरी बक्षीसही मिळालं.

मग देवळाच्या सभागृहात तो सिनेमा गावाला दाखवला. प्रेतावरून सासूबाईंची नजर केव्हाच वाडीत गेली होती. "अगो, पानी! वांगी बुडतात, कोन हाय का नाय घरात?" सगळं सभागृह खो-खो हसलं. जाऊबाईंनी शरमेने तोंडावर पदर घेतला. पडद्यावरच्या जाऊबाई उठल्या तेव्हा कुठे म्हातारी मागे टेकली. सिनेमा संपताच मात्र उठून तडक घराकडे चालू लागली. मला तर जाऊबाईंची कीवच आली.

दुसऱ्या दिवशी सकाळी वाडीत पंप लावला होता. जाऊबाईंनी शेवटी विचारलंच, "आई, कसं केलं मी?"

सासूबाई पालेभाजी खुडता खुडता म्हणाल्या, "मी मेली ना वसू, की अशीच ऊठ. माज्यापायी वांगी बुडवू नको. ह्या पोरीच्या भरवशावर तर मुळीच ऱ्हाऊ नको."

ही पोरगी म्हणजे मी! जाऊबाई तिथेच बांधावर बसून हमसून हमसून रडायला लागल्या, अगदी खरंखुरं. वाफा भरून वाहायला लागला तरी उठेनात. शेवटी फावडं मीच उचललं.