सुलेमान डोंगरावरचा बर्फ

माझे माहेर थळचे. तिथे मी चौथीपर्यंत शिकले आणि लग्न होऊन पालीकडच्या या गावात आले. सासरी वाचता येणारी बाई मी एकटीच. चारचौघांत माझ्या तोंडून शब्द फुटत नसे, पण भूगोल पाठ होता.

थोरले दीर पलटणीत होते. ते सरहद्दीवर, सुलेमान डोंगराकडे आहेत, असा निरोप रजेवर आलेल्या एका शिपायाने आणला. नवऱ्याचे नाव घ्यायचे नाही, त्याची उघड चौकशीही करायची नाही, म्हणून थोरल्या जाऊबाई डोंगराची चौकशी करीत. भात कांडताना म्हणत, "तुझा डोंगर काय म्हणतो गो?" मग मी मुसळाच्या ठेक्यावर सुरू होई: हिंदुकुश, काराकोरम, नंगा पर्वत, गौरीशंकर. आमच्या पालीच्या सरसगड किल्ल्यावर सरसगड रचत गेले तरी तेवढी उंची यायची नाही, असे सांगे. शेजारच्या बायाही हात थांबवून ऐकत. माझे कुणी ऐकते, याचेच मला अप्रूप. बर्फ तर मी रोज थोडा थोडा वाढवीत गेले.

पौषात जाऊबाई घोंगडी बाजूला सारून नुसत्या जमिनीवर निजू लागल्या. खोकल्याने त्यांची छाती भरली. सासूबाई रागावल्या तेव्हा जाऊबाई म्हणाल्या, उकडते. ऐन पौषात उकडते. मला काय ते कळले: माझा बर्फ त्या अंगावर घेत होत्या.

सुलेमान डोंगर उघडाबोडका व कोरडा आहे, एवढी एकच ओळ पुस्तकात होती. ती मला येत होती. तिच्यात ऐकण्यासारखे काही नाही, म्हणून मी ती कधी म्हटली नव्हती.

दुसऱ्या दिवशी कांडताना मान खाली घालूनच मी बोलले. "जाऊबाई, बर्फ दुसऱ्या डोंगरांवर. तिकडं नुसता दगड आणि ऊन."

त्या रागावतील असे वाटले होते. त्या मुसळ धरून उभ्या राहिल्या. मग हळूच विचारले, "तर तिथं प्यायला पाणी हाय का गो?"

हे पुस्तकात नव्हते. मी कांडत राहिले.

त्या रात्री त्यांनी घोंगडी पांघरली. मला बरे वाटले. सकाळी त्या रानातून मोळी घेऊन आल्या, घामाने निथळत. मी नेहमीसारखा तांब्या पुढे केला. त्यांनी तो घेतला, सगळा तुळशीला घातला आणि तशाच कोरड्या तोंडाने मुसळाकडे गेल्या.