असे म्हटले जाते

इंग्रजी गद्याचा इतिहास शिकवून शिकवून मला एक गोष्ट पक्की कळली आहे. आपल्याकडे तो इतिहास नसतोच, वंशावळ असते. निबंधाचा जनक कोण, टीकेचा जनक कोण, चरित्राचा जनक कोण. एवढे बाप त्या एका गद्याला, आणि आई एकही नाही. पोरं हे बाप पाठ करतात, परीक्षेत ओकतात आणि उन्हाळ्यात विसरून जातात. हिंगोलीत प्रश्नोत्तरांचं गाइड मिळतं, त्यात हे सगळे बाप ठळक अक्षरांत छापलेले असतात. पेपर काढणारे ते गाइड समोर ठेवून काढतात, तपासणारे तेच समोर ठेवून तपासतात, आणि मधे मी खडू घेऊन उभी असते. मला याचा राग येतो. माझा राग आता कॉलेजात विनोदाचा विषय झाला आहे. मी वर्गातून तणतणत बाहेर पडले की आमचा शिपाई विचारतो, "काय मॅडम, आज कोणाचा बाप काढला?"

एम.ए.च्या शेवटच्या वर्षाला प्रकल्प असतो. त्यासाठी प्रत्येक विद्यार्थ्याला एक मार्गदर्शक मिळतो, त्यालाही आम्ही गाइडच म्हणतो. म्हणजे आमच्याकडे गाइड दोन प्रकारचे: एक दुकानात मिळतं ते, आणि दुसरी मी. बहुतेक पोरं पहिल्यावर भागवतात आणि दुसरीकडे फक्त सहीला येतात.

दोन वर्षांपूर्वी एक मुलगी मात्र सहीच्या खूप आधी आली. सेनगाव तालुक्यातली, साखऱ्याच्या बाजूच्या एका तांड्यावरची. घरी बंजाऱ्यांची गोरमाटी बोलायची, वर्गात मराठी आणि वहीत इंग्रजी. बी.एड. झालेलं होतं. तांड्याजवळच्या आश्रमशाळेत इंग्रजीच्या शिक्षकाची जागा रिकामी होती आणि शाळेच्या अध्यक्षांनी तिला शब्द दिला होता, की जूनपर्यंत एम.ए.चा निकाल आणून दाखव, जागा तुझी. तिला ती जागा हवीच होती. "आमच्या लेकरायला बाहेरचा सर इंग्रजी शिकवतो मॅडम, अन् लेकरं नुसती मुंडी हलवतात," ती म्हणाली. "त्याह्यला काय समजलं न्हाई ते त्याह्यच्या बोलीत मीच पुसू शकते."

तिनं विषय घेतला इंग्रजी निबंधाचा. मी म्हटलं, "बापांची यादी देणार असशील तर आत्ताच दुसरा गाइड बघ." ती हसली आणि गेली. महिन्याभरानं पहिलं प्रकरण घेऊन आली, आणि त्यात एक वाक्य होतं. निबंधकार काय करतो, हे तिला इंग्रजीत सांगायचं होतं. तिनं लिहिलं होतं: द एसेइस्ट राइट्स अँड सीज. निबंधकार लिहितो आणि पाहतो.

मी लाल पेन उचललं आणि तसंच हातात धरून बसले. चूक सरळ होती. तिच्या डोक्यात मराठी वाक्य होतं, 'लिहून पाहतो', आणि ते तिनं शब्दाला शब्द ठेवून पलीकडे नेलं होतं. आपण सगळं करून पाहतो. भाजीत मीठ घालून पाहतो, नवं वाण पेरून पाहतो, सोयरीक बोलून पाहतो. इंग्रजांना प्रयत्न करताना डोळे लागत नाहीत, आपल्याला लागतात. आणि 'एसे' या शब्दाचा मूळ अर्थ तरी काय? प्रयत्न, चाचपणी. आम्ही त्याला 'निबंध' म्हणतो, म्हणजे घट्ट बांधलेलं काहीतरी, आणि शाळेत तो खरोखर हातपाय बांधूनच लिहून घेतो. त्या एका प्रकाराबद्दल मी कपाटभर पुस्तकं वाचली आहेत. त्यातल्या कुठल्याही पानापेक्षा हे चुकलेलं वाक्य मला खरं वाटलं. लिहिल्याशिवाय दिसत नाही म्हणून लिहायचं, एवढीच तर त्या माणसांची गोष्ट होती. मी लाल पेन खाली ठेवलं आणि तिला म्हटलं, "हे असंच ठेव. पण पुढं हे काहून असं लिहिलंस ते समजावून सांग."

तिनं ते समजावलं, आणि चांगलं समजावलं. मग दुसऱ्या प्रकरणात तिनं खरी मजल मारली. इंग्रजी गद्याच्या इतिहासात बागेत बसून आपल्या तब्येतीबद्दल लिहिणारे गृहस्थ येतात, पण घोड्यावर बसून इथल्या मुलखाबद्दल लिहिणारे साहेब येत नाहीत. तेही गद्यच होतं, आणि ढिगानं होतं. जुने अहवाल, प्रवासवर्णनं, जातीजमातींची वर्णनं तिनं फोनवर शोधून काढली, कारण त्यांत तिचे पूर्वज होते. बैलांच्या पाठीवर धान्य आणि मीठ लादून अर्धा देश तुडवणारे तिचे लोक. एखाद्या समीक्षकानं कवितेकडे बघावं तसं तिनं त्या गद्याकडे बघितलं, वाक्य वाक्य सुटं करून. आणि तिला सापडलं ते असं: साहेब बैल मोजतो तेव्हा वाक्यात 'मी' असतो. मी पाहिलं, मी मोजलं. पण तीच माणसं चोर आहेत असं लिहायची वेळ आली की 'मी' पळून जातो आणि वाक्य कर्मणी होतं. असे म्हटले जाते. असा समज आहे. तिनं खाली मोठ्या अक्षरांत एकच प्रश्न लिहिला होता, हू सेज? कोण म्हणतं?

ते वाचून मी स्टाफरूममध्ये टेबलावर हात आपटला. आनंदानं. शेजारचे सर दचकले आणि त्यांचा चहा सांडला.

तोंडी परीक्षेला बाहेरचे परीक्षक आले. हळद शिजवायचे दिवस होते आणि गावावर तो उग्र वास पसरलेला होता. परीक्षक नाकाला रुमाल लावून गाडीतून उतरले. शाल झाली, नारळ झाला, फोटो झाला. पोहे आणि जिलेबी झाली. मग एकेक पोरगं आत जाऊन निबंधाचा बाप सांगून बाहेर येऊ लागलं. सगळं सुरळीत चाललं होतं.

तिची पाळी आली. परीक्षकांनी पान उलटलं, थांबले आणि ते वाक्य मोठ्यानं वाचलं. "राइट्स अँड सीज." मग आमच्या विभागप्रमुखांकडे बघून हसले. विभागप्रमुखही हसले, कारण पाहुणे हसले की हसायचं असतं.

"हे काय आहे?" परीक्षकांनी विचारलं.

"सर, लिहून पाहतो, असं म्हणायचं हाय. ते पुढं समजावून सांगितलंय सर, पुढच्या पानावर."

ते पान त्यांनी उलटलंच नाही. "एम.ए. इंग्रजी करता आहात आणि मराठीत विचार करता?"

"मग कशात करू सर?" तिनं विचारलं. उद्धटपणे नाही, तिला खरंच वाटलं, त्यांच्याकडे काही दुसरी सोय असेल.

माझं डोकं फिरलं. मी गाइड होते, मला बोलायचा हक्क होता, आणि मी तो पुरेपूर वापरला. मी म्हटलं, सर, ज्या साहित्यप्रकाराचा सगळा जीव 'मी' या एका शब्दात आहे, त्याच्यावर लिहिताना पोरीनं स्वतःच्या डोक्यानं विचार केला तर तुम्हाला ठसका लागतो. म्हटलं, तिकडच्या माणसानं स्वतःच्या पोटदुखीवर लिहिलं तर ते अभिजात, आणि हिनं स्वतःच्या आज्या-पणज्यांवर लिहिलं तर ती चूक? आवाज चढला होता. बाहेर ओळीनं बसलेली पोरं दारात येऊन उभी राहिली. ती मुलगी खाली बघत होती.

परीक्षक चिडले नाहीत, हेच मला जास्त लागलं. ते शांतपणे म्हणाले, "मॅडम, संशोधनात भावना नको. तटस्थता हवी. पहिलं प्रकरण कालखंडानुसार नीट लिहून आणा. दुसऱ्यात ते 'कोण म्हणतं' वगैरे वैयक्तिक आहे, ते काढा. त्याऐवजी समाजाची ओळख द्या. संदर्भ तेच वापरा, पण आपली मतं न घालता. आठवड्यात आणलं तर मी इथेच गुण देतो. नाहीतर पुढच्या वर्षी बघू."

पुढच्या वर्षी म्हणजे जागा गेली. हे खोलीतल्या मला आणि तिला दोघींनाच माहीत होतं.

बाहेर आल्यावर मी तिला म्हटलं, कुलगुरूंपर्यंत जाऊ, अर्ज करू, दुसरा परीक्षक मागू. मी बरंच काही बोलले. तिनं ऐकून घेतलं आणि ओढणीनं चेहरा पुसला.

"मॅडम, तुमी भांडलात, लई बरं वाटलं. पण मी काढते ते."

"काहून? तुझं बराबर हाय!"

"बराबर हाय म्हणूनच काढते. चुकीचं असतं तर भांडले असते, की मला शिकवा म्हणून. आता जागा हातची जाऊ द्यायची न्हाई. एकदा का मी वर्गात उभी राहिले, मग तिथं कोन येतो मला सांगायला?"

मला तिचाही राग आला, खरं सांगते. इतक्या पटकन कसं सोडता येतं? मग आठवलं की माझा पगार दर महिन्याला जमा होतो आणि मला तत्त्वाची चैन परवडते. मी अर्जाचा विषय सोडून दिला.

तिनं आठवड्यात सगळं लिहून आणलं. मी वाचलं आणि माझ्या अंगावर काटा आला. ते फार चांगलं होतं. त्या साहेबांची वाक्यं तिनं इतकी उलटीपालटी करून पाहिली होती की ती आता तिच्या हातात बसली होती. व्याकरणाची एक चूक नाही. 'मी' कुठेही नाही. तिच्या स्वतःच्या लोकांबद्दल सबंध पानभर कर्मणी वाक्यं: अमुक समजले जाते, तमुक आढळून येते, चोरीच्या बाबतीत असे म्हटले जाते. खाली कुठलाच प्रश्न नाही. परीक्षकांनी उभ्याउभ्या चाळलं, मान डोलावली आणि भरभरून गुण दिले. "बघा," ते मला म्हणाले, "मुलीत क्षमता होती. थोडी शिस्त हवी होती."

तिला जागा मिळाली. जूनमध्ये पेढे घेऊन आली. आश्रमशाळेतली लेकरं आता मुंडी हलवत नाहीत, भांडतात, असं तिनं सांगितलं. मी तिच्या पाठीवर थाप मारली आणि मनात म्हटलं, असू दे, तिचं बरोबर होतं, माझंच डोकं गरम.

विभागप्रमुखांनी तो प्रकल्प काळ्या कापडी बांधणीत करून घेतला, वर सोनेरी अक्षरांत तिचं नाव घातलं आणि विभागाच्या कपाटात नमुना म्हणून ठेवला. नव्या पोरांना ते तोच काढून देतात. शिस्तीचा नमुना. त्यातून पानंच्या पानं उतरवून निम्मी बॅच पास होते. मी दोनदा सांगितलं की दुसरा ठेवा. "मॅडम, याच्याइतकी शुद्ध भाषा दुसऱ्या कशात हाय?" असं त्यांनी मला विचारलं, आणि भाषा तर शुद्धच होती.

परवा वर्गात प्रकल्पांचे आराखडे वाचायला सांगितले. पहिल्या बाकावरचा एक विद्यार्थी उभा राहिला आणि खणखणीत आवाजात इंग्रजीत वाचू लागला. या भटक्या जमातीबद्दल असे म्हटले जाते की चोरी हा तिचा जुना धंदा होता. वर्गात कुणाला काही वाटलं नाही. माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. मी त्याला मधेच थांबवलं आणि विचारलं, तुझं गाव कोणतं. त्यानं सांगितलं. तोच तांडा.

"अरे, हे तुझ्याच आज्याबद्दल वाचून राहिलास तू! कुणी लिहिलं हे?" मी ओरडले. मनात म्हटलं, आता हा एखाद्या मेलेल्या साहेबाचं नाव घेईल आणि मी त्या साहेबाला वर्गात उभा-आडवा फाडीन.

तो गोंधळला. मग जरा अभिमानानंच म्हणाला, "मॅडम, आमच्याच ताईनं लिवलंय. कपाटातल्या प्रोजेक्टात हाय. खोटं काहून असंल?"

संध्याकाळी मी तिला फोन केला. मला वाटत होतं, ती हसेल, किंवा रडेल, किंवा मला म्हणेल की ते पुस्तक फाडून टाका. मी सगळं सांगितलं. तिकडे लेकरांचा गलका ऐकू येत होता.

"मॅडम, त्याच्यावर नाव माझंच हाय ना?"

"व्हय."

"मग आता मीच म्हणते ना तसं," ती म्हणाली.